वायव्येकडे टाकलेल्या अक्षता

कराडच्या एस.टी. स्टँडवर माझ्या आईनं पिशवीतून कागदाची पुडी काढली आणि चारी दिशांना अक्षता टाकायला सुरुवात केली, तेव्हा मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ना श्रावण, ना शुक्रवार. एक्याऐंशी सालचा फेब्रुवारी. हे इंग्लंडात कॉव्हेंट्रीला आधीच पोचलेले, मी दोन वर्षांच्या वैजूला मांडीवर घेऊन मुंबईच्या गाडीत बसलेली, आणि खाली आमच्या मातोश्री तांदूळ उधळतायत. थोडे कंडक्टरच्या टोपीवर पडले. तो म्हणाला, "ओ मावशी, गाडी सुटायचीय, लग्न लागायचं नाही!" आई ढिम्म. तिनं खिडकीशी येऊन मला एवढंच विचारलं, "ते तुझं गाव कुठल्या दिशेला येतं गं?"

मला काय माहीत! मी आपलं समोरच्या रसवंतीकडे बोट दाखवलं. तिनं उरलेली मूठ रसवंतीच्या दिशेनं रिकामी केली. गाडी हलली तशी ओरडून म्हणाली, "श्रावणात कहाणी चुकवू नकोस. आणि भिंतीला सांगत बसू नकोस. ऐकणारं माणूस शोध."

तिकडे राहिलेल्या माझ्या बहिणी-भावजयांनो, तुम्हाला हे सांगायला नको. श्रावणी शुक्रवारी जिवतीची पूजा, लेकराबाळांना ओवाळायचं, आणि लेकरू लांब असेल तर चारी दिशांना अक्षता टाकायच्या, जिथं असेल तिथं सुखी राहो म्हणून. कहाणी ऐकणाऱ्यानं उपाशी असायचं, मुठीत तांदूळ धरायचे आणि मधूनमधून "हं" म्हणायचं. पण इकडे येऊन पडलेल्या माझ्यासारख्या बायांनो, तुम्हीच सांगा, उपाशी बसून "हं" म्हणणारं माणूस कॉव्हेंट्रीत आणायचं कुठून? डावीकडच्या म्हाताऱ्या मडमेला मांजराशिवाय कुणाशी बोलायचं नसे. उजवीकडची पंजाबीण प्रेमळ, पण मी "आटपाट नगर होतं" म्हटलं की तिला हसू फुटायचं. हे मशीन टूलच्या कारखान्यात शिफ्टला. उरली वैजू.

नशिबानं श्रावण येतो शाळेच्या समर हॉलिडेजमध्ये. आईनं वर्तमानपत्रात गुंडाळून पाठवलेला जिवतीचा कागद मी किचनच्या भिंतीवर ब्लू-टॅकनं चिकटवायची, फुटाणे फोल्सहिल रोडवरच्या देशी दुकानातून आणायची, आणि वैजूला कॉर्नफ्लेक्स मिळण्याआधी मूठभर तांदूळ मिळायचे. कहाणीतल्या आईचं बाळ सुईण पळवते आणि राणीच्या मांडीवर नेऊन ठेवते. आईला पत्ताच नाही. ती दर शुक्रवारी नुसत्या अक्षता टाकते, आणि इकडे राजवाड्यात त्या बरोब्बर त्या लेकराच्या डोक्यावर पडतात. वैजू डोळे मोठे करून "हं" म्हणायची. पोर आपल्यात राहणार, असं वाटायचं मला.

आणि मग ती अकरा वर्षांची झाली आणि कौन्सिलच्या लायब्ररीनं माझ्या घरात राक्षस सोडले.

उत्तरेकडचे देव म्हणे. नॉर्वे, आइसलंड, तिकडचे. रोज जेवताना नवीन काहीतरी. त्यांचा मुख्य देव ओडिन, एका डोळ्यानं आंधळा. का? तर ज्ञानाच्या विहिरीतलं घोटभर पाणी प्यायला मिळावं म्हणून डोळा काढून दिला. आता बघा, आमच्या गल्लीत नळाला आठवड्यातून चार दिवस पाणी यायचं, पण असा सौदा कुणी केला नाही! त्याचा घोडा आठ पायांचा. त्या घोड्याची आई कोण, तर त्यांच्यातलाच एक लबाड पुरुष, लोकी, तो घोडी झाला होता. मी म्हटलं, "वैजू, ताटावर बसून असलं बोलू नये." ती भिंतीवरच्या कागदाकडे बोट दाखवून म्हणाली, "पण आई, तुझा हा माणूस वाघावर बसला आहे. ते ओके, आणि आठ पाय नॉट ओके?"

"आपल्याकडे तेहेतीस कोटी आहेत, ते कमी पडले का तुला?"

"ते तर तुझे झाले ना," म्हणाली. कार्टी!

थोर नावाचा हातोडेवाला आहे त्यांचा. त्याच्या गाडीला बोकड जुंपलेले. हा रात्री बोकड मारून खातो, हाडं कातड्यावर नीट मांडून ठेवतो, आणि सकाळी हातोडा फिरवला की बोकड परत जिवंत. फक्त एक हाड मोडायचं नाही. एकदा शेतकऱ्याच्या मुलानं हळूच मांडीचं हाड फोडून आतला गर खाल्ला, तर सकाळी बोकड लंगडा, आणि थोर महाराज संतापून लाल. माझ्या हातात पळी होती. मी म्हटलं, "म्हणजे मटण खायचं आणि नळी फोडायची नाही? हा कसला देव? आमच्याकडे नळीवरून सख्खे भाऊ भांडतात!" हे हसून हसून ठसकले. मला मात्र त्या मुलाचीच बाजू बरोबर वाटते, अजूनही.

भांडायचं तर माहिती हवी. मी सातवीपर्यंत शिकलेली. इंग्रजी शिकले ते टीव्हीवर आणि शाळेच्या किचनमध्ये डिनर लेडी म्हणून कस्टर्ड वाढता वाढता. पण वैजूची पुस्तकं मी दुपारी काढून वाचायला लागले, डिक्शनरी मांडीवर घेऊन, तिचे देव कुठं चुकतात ते शोधायला. आणि वाचता वाचता माझाच संताप वाढला. या गोष्टी ज्यांनी लिहून ठेवल्या ते त्या देवांना मानणारे नव्हतेच! लोक ख्रिस्ती होऊन दोनशे वर्षं उलटल्यावर आइसलंडमधल्या एका मोठ्या घरच्या माणसानं बसून लिहिलं. कशासाठी? तर नव्या कवींना जुन्या कविता कळेनाशा झाल्या होत्या. सोन्याला ते थोरच्या बायकोचे केस म्हणायचे, आता गोष्ट माहीत नसेल तर काय डोंबल कळणार? आपल्याकडे नीलकंठ म्हटलं की विष आठवावं लागतं, तसंच. आणि सगळं लिहिलं कशावर, तर वासराच्या कातड्यावर. वासराच्या! मी ते पुस्तक मिटून हात धुतले.

त्याच माणसानं सुरुवातीला लिहिलंय की हे देव म्हणजे मुळात आशियातून आलेली माणसं. आशियातून निघाले, उत्तरेला जाऊन स्थायिक झाले, मुलांची लग्नं तिथल्याच पोरींशी लावली. हे ऐकून आमचे हे एकदम खूश. "बघ, आपल्यासारखेच! यांचे देवसुद्धा इमिग्रंट!" मी म्हटलं, "एवढं मोकळं जग पडलेलं, आणि त्या थंडीत कशाला गेले मेले?" तर माझ्याकडे बघून म्हणाले, "कॉव्हेंट्रीत राहून तू हे विचारतेस?"

पण एका गोष्टीनं मला हरवलं. ओडिनची बायको फ्रिग. तिच्या मुलाला, बाल्डरला, स्वप्न पडतं की आपण मरणार. तर ही बाई उठते आणि जगातल्या एकूण एक वस्तूकडून शपथ घेते. आगीकडून, पाण्याकडून, लोखंडाकडून, दगड, झाडं, रोगराई, साप, सगळ्यांकडून. माझ्या पोराला काही करणार नाही म्हणा. वैजू सांगत होती आणि मी भाकरी थापायची थांबले.

"मग?"

"एक छोटा प्लांट राहिला. मिसलटो. ते खूप लहान आहे म्हणून तिने नाही विचारलं. आणि त्याच्यानेच तो मेला."

"अगं, लहान म्हणून सोडलं? लहानालाच आधी विचारायचं असतं!" मी इतकी भडकले की तव्यावरची भाकरी करपली. आठवडाभर मी त्या फ्रिगवर चिडलेली होते. डिसेंबरात आमच्या शाळेच्या किचनच्या दारावर मुख्य आचारीणबाईंनी क्रिसमसची मिसलटो टांगली, ती मी स्टुलावर चढून काढली आणि बिनमध्ये टाकली. बाई कमरेवर हात ठेवून उभ्या. मी म्हटलं, "दॅट प्लँट किल्ड समबडीज सन." नंतर कितीतरी दिवस सगळ्या माझ्याशी फार हळू आवाजात बोलत होत्या. बिचाऱ्यांना वाटलं, आमच्या नात्यात कुणी गेलं.

आणि मीही नव्हत्या का शपथा घेतल्या? गॅस हीटरकडून, हमरस्त्यावरच्या लॉऱ्यांकडून, स्कूल डिनरमधल्या बीफकडून, शिव्या देणाऱ्या पोरांकडून, वीतभर स्कर्टकडून. एक लायब्ररी तेवढी विचारायची राहिली. लहान होती ना, कोपऱ्यावरची, पुस्तकांची.

सत्त्याण्णवच्या ऑगस्टमध्ये ए-लेव्हलचा, म्हणजे इथल्या बारावीचा, निकाल लागला. गुरुवारी. चांगले ग्रेड्स. फार्मसीला जागा मिळत होती, घरापासून अर्ध्या तासावर. सगळ्या ओळखीपाळखीत आम्ही सांगून ठेवलेलं. आणि वैजूनं टेबलाशी उभं राहून सांगितलं की तिनं पहिली पसंती दुसरीच दिलीय. जुनी नॉर्स भाषा, त्या उत्तरेकडच्या देवांची. चार वर्षं, त्यातलं एक आइसलंडमध्ये.

ह्यांनी निकालाचा कागद परत एकदा वाचला. मग म्हणाले, "एवढे मार्क मिळवून मेलेली भाषा शिकणार?"

"मेलेली नाही, बाबा. आइसलंडमधली मुलं ते जुने गोष्टी अजून वाचतात. सातशे-आठशे वर्षांपूर्वीचे."

मला काय झालं कोण जाणे. मी म्हटलं, "त्यांना आठशे वर्षांपूर्वीचं वाचता येतं, आणि तुला तुझ्या आजीचं पत्र वाचता येत नाही!"

ती रडली नाही. वर गेली आणि दार लावून घेतलं. माझी आई जाऊन तेव्हा तीन वर्षं झाली होती. पत्रं ट्रंकेत. हे म्हणाले, "मी नाही म्हणत नाही आणि हो म्हणत नाही. तू सांग." नेहमीचंच. नाव ह्यांचं आणि डोकं माझं.

दुसरा दिवस शुक्रवार. जिवतीचा. मी ठरवलं, आज हिला हाक मारायची नाही. कागदाला हळद-कुंकू लावलं, निरांजन लावलं, आणि मागे वळून बघते तर ही बया दारात उभी. नाईटशर्टवर, डोळे सुजलेले, डब्यातले तांदूळ आपणच मुठीत घेतलेले. बसली खुर्चीवर. मी तिच्याकडे न बघता कहाणी सुरू केली. फडाफडा, शेजारणीची चुगली सांगावी तशी. आटपाट नगर, राणी, सुईण, बाळ पळवलं, आईनं अक्षता टाकल्या...

"धूण राहिलं," वैजू म्हणाली.

"काय?"

"तांदूळ धुतलेलं पाणी, ते धूण, ती ओलांडत नाही. ते तू सोडलास. आणि हिरवी साडी पण नाही नेसत. नाहीतर तो मोठा होऊन तिला कसा ओळखणार? त्यावरूनच तर ती सापडते." मग खाली बघत म्हणाली, "मी असते तर काही सोडलं नसतं, आई. त्या आइसलंडच्या माणसानं पण नाही सोडलं. तो त्यांना मानत पण नव्हता. तरी."

निरांजनाची वात तडतडत होती. मी परत मागे गेले. धूण घातलं, हिरवी साडी घातली, सावकाश शेवटाला नेली. ती प्रत्येक ठिकाणी "हं" म्हणाली. ओवाळताना तिच्या कपाळाला कुंकू लावलं तेव्हा माझ्या लक्षात आलं, की मी कराड सोडलं तेव्हा माझ्या आईनं मला कारण विचारलं नव्हतं. कुठल्या दिशेला जातेस, एवढंच विचारलं होतं.

मी तबक खाली ठेवलं. "ते मेलं आइसलंड कुठल्या दिशेला येतं गं?"

तिनं किचनच्या खिडकीकडे, बिन्सच्या वरती बोट दाखवलं. "नॉर्थ-वेस्ट."

"वायव्य म्हणावं," मी म्हटलं. मग हॉलमध्ये जाऊन ह्यांना सांगितलं, "जाऊ दे तिला." हे पेपराआडून म्हणाले, "मला वाटलंच होतं." म्हणे वाटलंच होतं!

नव्याण्णवच्या ऑगस्टमध्ये ती खरंच तिकडे गेली. पहिल्या श्रावणी शुक्रवारी मी सकाळी एकटीच कागदासमोर बसलेली. पंजाबीणबाई लेस्टरला राहायला गेलेल्या, डावीकडची म्हातारी वारलेली, आणि आईचं ऐकायचं तर भिंतीला सांगायचं नाही. मी निरांजन लावून नुसतीच बसून होते. तेवढ्यात फोन वाजला.

"आई, सुरू केलंस का? थांब, मला बसू दे."

मी रिसीव्हर दुसऱ्या कानाला लावला. मग नेहमीसारखं बोलले. "काही खाल्लंस का?"

"ब्लॅक कॉफी."

"कॉफी चालते. तांदूळ?"

"घेतले ना. इथे ते दुधात शिजवायचे असतात तसलेच मिळाले. पुडिंग राइस. आखूड, जाडे."

"पुडिंगचे तांदूळ जिवतीला!"

"आई, तू सांग ना. माझा क्लास आहे, थोरच्या बोकडांचाच. मी त्यांना तुझ्या नळीचं सांगणार आहे."

एका हातात रिसीव्हर धरून, वायर ताणून, मी खिडकीतून वायव्येला मूठभर अक्षता टाकल्या. बाकीच्या तीन दिशांनाही टाकल्या, मान राखायला. एक मूठ मात्र आग्नेयेला जास्तीची, कराडकडे, तिथं आता आई नाही तरी. हे हूव्हर घेऊन दारात येऊन उभे. कार्पेटमधून तांदूळ निघत नाहीत, यांचं दर वर्षीचं रडगाणं. मी हातानंच त्यांना गप्प केलं.

लोक विचारतात, आता घर कुठलं म्हणता हो तुम्ही, कराड की कॉव्हेंट्री? मला या प्रश्नाचा इतका कंटाळा आलाय की काय सांगू. दोन्हीकडे गळतं, दोन्हीकडे ओळखीपाळखीचे नाक खुपसतात.  पण त्या सकाळी मी "आटपाट नगर होतं" म्हटलं, आणि समुद्रापलीकडून, उपाशीपोटी, तोंडात कॉफीचा घोट धरून कुणीतरी म्हणालं, "हं."