तुम्हीच 'जा' म्हणालात

परदेशात चार वर्षं काढली की माणसाला एक ठरावीक आजार जडतो. नव्यानं आलेल्या माणसाला तो सगळं समजावून सांगायला लागतो. मला हा आजार एर्लांगेनमध्ये जडला. साठच्या दशकाच्या सुरुवातीला माझी बायको सांगलीहून तिथे आली, तेव्हा तो चांगलाच बळावला होता. दाराला कुलूप किती वेळा फिरवायचं, गालिचा कुठल्या वारी झटकायचा, शेजारणीला दिवसातून किती वेळा 'गुटन टाग' म्हणायचं, या सगळ्यावर तीन आठवड्यांत माझी व्याख्यानं होऊन गेली होती. लग्नाआधी आणि नंतरही ती सांगलीला मुलींच्या शाळेत शिकवत होती, त्यामुळे कंटाळवाणं व्याख्यान ऐकताना चेहरा कसा ठेवायचा हे तिला पक्कं ठाऊक होतं.

अशात आमच्या प्रयोगशाळेच्या वर्कशॉपमधल्या माइस्टरनं मला फुटबॉलची दोन तिकिटं दिली. माइस्टर म्हणजे तिथला मुख्य कारागीर. माझ्या प्रबंधातली सगळी यंत्रं त्यानं केली होती आणि प्रबंधात त्याचा उल्लेख एका ओळीत होणार होता. सामना न्युर्नबर्गला, शनिवारी दुपारी, आणि नेमकं त्याच शनिवारी त्याच्या मुलीचं लग्न. तिकिटं माझ्या हातात ठेवताना त्याचा चेहरा असा झाला, की मुलीला निरोप देताना याहून वाईट होणं शक्य नव्हतं.

"उभं राहायची जागा आहे," तो म्हणाला. "बायकोला सांभाळा. तिथे चाळीस हजार माणसं असतात आणि त्या दिवशी सगळी वेडी असतात."

सांभाळणं हा माझाच विषय होता. मी घरी जाऊन योजना आखली.

"तिकडे गर्दी असणार," मी बायकोला सांगितलं. "माझ्या ओव्हरकोटाचा मागचा पट्टा धरायचा आणि सोडायचा नाही. बाकी सगळं मी बघतो."

"आणि सुटला तर?"

"सुटणार नाही."

"पण समजा सुटलाच, तर भेटायचं कुठे?"

"अगं, सुटायचा प्रश्नच येत नाही."

तिनं पुढे विचारलं नाही. दोन्ही तिकिटं, दोघांचे पासपोर्ट, पैसे आणि घराचा पत्ता लिहिलेला कागद असा सगळा ऐवज माझ्या आतल्या खिशात होता. तिच्याजवळ रुमाल होता. तिला तेव्हा जर्मनचे पंधराएक शब्द येत असतील आणि त्यातले निम्मे भाज्यांचे होते.

एर्लांगेनहून न्युर्नबर्गपर्यंतचा आगगाडीचा प्रवास सुरळीत झाला. डब्यात गळ्यात लाल-काळे मफलर घातलेले धिप्पाड पुरुष होते आणि त्यांच्या हातात कर्रकर्र वाजणारे लाकडी खुळखुळे होते. आठवडाभर एकमेकांना टोपी काढून नमस्कार करणारी माणसं शनिवारी दुपारी खुळखुळे वाजवतात हे पाहून मला या देशाविषयी जरा आशा वाटली. घरमालकिणीनं बायकोला आपला जुना करडा कोट दिला होता. त्याच्याखाली साडीच्या हिरव्या काठाची चार बोटांची पट्टी तेवढी दिसत होती. मी तिला म्हटलं, आता तू अगदी इथली दिसतेस. हे मी कौतुकानं म्हटलं होतं. तासाभरातच ते किती खरं आहे हे मला कळायचं होतं.

स्टेशनाबाहेरच्या चौकातून स्टेडियमसाठी जादा ट्राम सुटत होत्या. जर्मन माणूस रांगेसाठी प्रसिद्ध आहे. ट्राम येईपर्यंत तिथे उत्तम रांग होती, हे मी प्रामाणिकपणे नमूद करतो. ट्राम आल्यावर मात्र रांगेचा जो काही लगदा झाला, तो कुठल्याही देशातल्या लगद्यासारखाच होता. आम्ही त्या लोंढ्यातून मागच्या दाराशी येऊन पोचलो. बायकोच्या एका हातात माझा पट्टा, दुसऱ्या हातात निऱ्या, आणि ट्रामची दांडी धरायला तिसरा हात नव्हता. ती पुढे झाली, एक पाय पायरीवर ठेवला आणि मागे वळून मला विचारलं, "चढू का?"

त्याच क्षणी दारातल्या कंडक्टरनं तिच्या डोक्यावरून मला विचारलं, "स्टेडियमलाच ना?"

मी त्याला उत्तर दिलं, "जा, जा!"

जर्मनमध्ये याचा अर्थ 'हो, हो'. सांगलीत वेगळा होतो.

तिनं पट्टा सोडला, दांडी धरली आणि चढली. तिच्यामागून सहा मफलर चढले. सातवा मी असतो, पण कंडक्टरनं हात आडवा धरला, "भरली! मागून दुसरी येतेय," असं म्हणून दार ओढलं आणि घंटेची दोरी दोनदा खेचली. काचेपलीकडे मला बायकोचा चेहरा दिसला. आवाज ऐकू आला नाही, पण ओठ दिसले. "अहो!" एवढंच. मग ट्राम वळली.

त्यानंतरच्या काही मिनिटांबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. मी ट्राममागे धावलो. अंगात चांगला ओव्हरकोट आणि मागे लोंबणारा मोकळा पट्टा, अशा स्थितीत धावणारा माणूस फार भारदस्त दिसत नाही. दुसरी ट्राम खरोखरच मागून आली आणि मी तिच्यात कोंबला गेलो. शेजारी एक म्हातारा चिरूट चघळत उभा होता. मी कशाला घाम पुसतोय ते त्यानं विचारलं. मी सांगितलं.

"पुढच्या गाडीत? एकटी?" तो म्हणाला. "मग काळजी कसली? बाईमाणूस बघून तिला कोणीतरी बसायला जागा दिली असेल. आमच्याकडे बघा."

मला तिच्या बसण्याची चिंता नव्हती. ती कुठे उतरेल याची होती. ट्राम वाटेत पाच-सहा ठिकाणी थांबत होती. कुठल्या थांब्यावर उतरायचं हे मी तिला सांगितलं नव्हतं, कारण पट्टा धरून चालणाऱ्याला ते माहीत असायची गरज नव्हती. पत्ता नाही, पैसे नाहीत, पासपोर्ट नाही, भाषा नाही. प्रत्येक थांब्यावर मी खिडकीला नाक लावून हिरवा काठ शोधत होतो.

शेवटच्या थांब्यावर उतरून चालताना डाव्या हाताला ते प्रचंड दगडी सज्जे लागतात. पूर्वी नाझींच्या सभांना तिथे लाखो माणसं ओळीनं उभी राहून एका सुरात ओरडत असत. आता पायऱ्यांच्या फटींतून गवत आलं होतं आणि एक माणूस तिथे सायकल टेकवून सॉसेज खात बसला होता. मला ते दृश्य एरवी फार आवडलं असतं. पण त्या क्षणी माझ्या पुढे हजारो करडे कोट चालले होते, आणि त्यातला प्रत्येक कोट पाठीमागून माझ्या बायकोचा होता. तीन बायकांच्या खांद्याला मी हात लावला. तिसरीनं मला छत्री दाखवली.

दाराशी एक तरुण पोलीस उभा होता. मी त्याला सांगितलं, बायको हरवली आहे. त्यानं वही काढली.

"टोपीचा रंग?"

"टोपी नाही. कपाळावर लाल ठिपका आहे."

"जखम?"

"नाही. लग्न."

"आल्झो, असं आहे तर," तो म्हणाला, थोडा वेळ पेन्सिल हवेत धरली आणि मग काहीच न लिहिता वही मिटली. "तुम्ही आत जाऊन उंचावरून बघा. नाहीतर सामना संपेपर्यंत इथेच थांबा. सगळे इथूनच बाहेर पडतात."

मी आत गेलो. उंचावरून मला फक्त टोप्या दिसल्या. मैदानात बँड वाजत होता आणि ध्वनिक्षेपकावरून एक भारदस्त आवाज मान्यवरांचं स्वागत करत होता. जर्मन स्वागताला वेळ लागतो, कारण प्रत्येकाच्या नावाआधी सगळ्या पदव्या म्हणाव्या लागतात. अमुक मंडळाचे अध्यक्ष हेर, म्हणजे श्रीयुत, डॉक्टर डॉक्टर, तमुक समितीचे मानद सभासद हेर प्रोफेसर डॉक्टर इंजिनियर. प्रत्येक नावाला एक गृहस्थ उठून हॅट उचलत होता आणि पुन्हा बसत होता. चाळीस हजार माणसं फुटबॉल पाहायला आलेली आणि हॅट पाहत उभी. मी मनातल्या मनात त्या सगळ्या डॉक्टरांना शिव्या दिल्या. मीही त्याच रांगेत लागायला इथे आलो होतो, हा भाग निराळा.

मग तोच आवाज, त्याच थाटात, जराही सूर न बदलता म्हणाला, "भारतातून आलेले हेर आहो! हेर आहो! कृपया दक्षिणेकडच्या प्रथमोपचाराच्या तंबूकडे यावं. आपली पत्नी वाट पाहत आहे."

माझ्या डोक्यात अर्थ शिरायच्या आधीच माझी मान वळली होती. पुढे, शेजारी, मागे, त्या सगळ्या गर्दीत दुसरं एकही डोकं हललं नाही. मग कोणीतरी हसलं, कोणीतरी खुळखुळा वाजवला, आणि मी पायऱ्या उतरत सुटलो.

तंबूत बायको लाकडी खुर्चीवर ताठ बसली होती. हातात गरम सूपचा कप होता. शेजारी एक प्रौढ पोलीस टेबलावर फॉर्म भरत होता आणि ट्रामचा तोच कंडक्टर टोपी काखेत धरून उभा होता. मला पाहिल्यावर तिनं कप खाली ठेवला. तिचे डोळे भरून आले होते, पण सूप सांडलं नव्हतं.

"हेर आहो?" पोलिसानं विचारलं. "पासपोर्ट."

मी दिला. त्यानं तो नीट वाचला, फॉर्म वाचला आणि पुन्हा पासपोर्ट वाचला.

"इथे आहो नाही. इथे कुठेच आहो नाही."

"ते नाव नाही," मी म्हटलं. "ती मला तसं... ती हाक आहे."

"बाईंनी हेर आहो यांना शोधायला सांगितलंय. तुम्ही हेर आहो नाही. मी बाईंना कोणाही माणसाच्या हवाली करू शकत नाही."

नियम म्हणून ते बिनचूक होतं. मी माझ्या चार वर्षांच्या जर्मनमध्ये मराठी कुटुंबातली संबोधनं समजावून द्यायला सुरुवात केली. दोन वाक्यांनंतर माझ्याच लक्षात आलं की हे काही सुटका होण्यासारखं बोलणं नाही. बायकोला शब्द कळले नसतील, अडचण कळली. तिनं पोलिसाला हातानं थांबायची खूण केली, मला म्हणाली, "जरा तिकडे तोंड करून उभे राहा बघू." मी पाठ फिरवून उभा राहिलो. बाहेर कशावर तरी प्रचंड गलका झाला. त्या गलक्यात, अगदी नेहमीच्या आवाजात, ती म्हणाली, "अहो."

मी वळलो.

"गेनाऊ, अगदी बरोबर," पोलीस म्हणाला, आणि फॉर्मवर शिक्का मारला.

मग कंडक्टरनं मला सगळं सांगितलं. शेवटच्या थांब्यावर बाईंनी आधी सगळ्या पुरुषांना उतरू दिलं. गाडी रिकामी झाल्यावर त्या त्याच्यासमोर येऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "माइन मान वेक." माझा नवरा गेला. त्याला आधी वाटलं, नवरा वारला. मग बाईंनी बोटानं मागचा रस्ता दाखवला, तेव्हा त्यानं गाडी दुसऱ्याकडे सोपवली आणि त्यांना इथवर आणून पोचवलं.

"घाबरलीस?" मी बायकोला विचारलं.

"हो. पण गर्दीत तिथल्या टोपीवाल्या माणसापासून हलायचं नाही, हे मी मुलींना दरवर्षी सहलीला सांगते. चाळीस मुली नेते, चाळीस परत आणते." मग ती जरा थांबली. "आणि मी काय स्वतःहून गेले का? तुम्हीच 'जा' म्हणालात."

"पण नाव का नाही सांगितलंस? आडनाव तरी? एवढ्या लोकांत..."

मला वाटलं होतं, ती लाजली असेल. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, असं काहीतरी. ती माझ्याकडे जशी पाहत होती, तशी बहुधा ती वर्गातल्या मागच्या बाकाकडे पाहत असावी.

"सांगितलं होतं. या पोलिसांनी ते म्हणून दाखवलं, ते मलाही ओळखू आलं नाही. तुमच्या आडनावात जोडाक्षर आहे आणि शेवटी ळ आहे. गेल्या सोमवारी त्या परदेशी लोकांच्या ऑफिसात त्या बाईनं तुम्हाला तीन वेळा पुकारलं आणि तुम्ही भिंतीवरचं कॅलेंडर वाचत बसला होता. आज तर बाहेर बँड वाजतोय. ही माणसं दर वाक्याला 'आहा' म्हणतात. म्हटलं, यांना 'आहो' जमेल. आणि त्या हाकेला सबंध मैदानात फक्त तुम्हीच बघणार."

प्रबंधासाठी तीन वर्षं मी गोंगाटातून एकच बारीक संदेश वेगळा कसा काढायचा याचा अभ्यास करत होतो. त्याची याहून स्वच्छ मांडणी मला आजवर जमली नव्हती. पुढे पदवी मिळाली, टोप्याझग्यांचा समारंभ झाला, भाषणं झाली. पण ऊर भरून येणं म्हणतात ते मला ठाऊक आहे ते त्या तंबूतलं, जिथे फिनेलचा वास येत होता.

पोलिसानं फॉर्म माझ्यापुढे सरकवला. सही हवी होती. मी नेहमीच्या सवयीनं छापील मजकूर आधी वाचला. 'शोधणारी व्यक्ती' या रकान्यात बायकोचं नाव होतं. 'हरवलेली व्यक्ती' या रकान्यात मी होतो.

"यात चूक झाली आहे," मी म्हटलं.

"कुठे?" पोलिसानं विचारलं. "बाई इथे वेळेवर हजर होत्या. सापडत तुम्ही नव्हता."

बायकोनं विचारलं, "काय म्हणतायत ते?"

मी तिला भाषांतर करून सांगितलं. तिनं पोलिसाकडे पाहून मान डोलावली, कप उचलला आणि उरलेलं सूप संपवलं. मी फॉर्मवर सही केली. 'आहो', रोमन लिपीत, ठळक आणि सुवाच्य.