टेबलावर पाहुणा नसतो

शनिवार, २५ जानेवारी. स्नूकरच्या दोन्ही टेबलांच्या हिरव्या कापडाला इस्त्री करायची आहे. उद्या स्पर्धा सुरू होतेय आणि आमच्या ठाण्याच्या जिमखान्यात हे काम दुसरं कोणी धड करत नाही. आधी ब्रश, मग इस्त्री, दोन्ही एकाच दिशेनं. हे मला दिगंबरदादा म्हात्र्यांनी शिकवलं. "उलटी इस्त्री मारू नको गो बाय. बॉल लबाडी शिकल."

दादा आमचे पंच. पहिल्यांदा पाहिले तेव्हा ते हॉलच्या खिडकीच्या गजाला चिमटे लावून स्वतःचे पांढरे हातमोजे वाळत घालत होते. मी नवीनच व्यवस्थापक. म्हटलं, "इथे कपडे वाळत घालायचे नाहीत." ते म्हणाले, "ह्ये कपडे नाय. माझी जीभ हाय. मळली तर कोन आयकल?"

त्यांचं गाव दिवा स्टेशनजवळचं. वडिलांचं मिठागर होतं, तिथे आता इमारती आहेत. जमिनीमुळे पैसा आला, पैशामुळे जिमखान्याचं सभासदत्व. बाकीचे सभासद पाठीमागे हसायचे. दादांना ठाऊक होतं. "हसूदे. फाऊल दिल्याव कोन हसतंय का बघू." खेळायला ते यथातथाच होते, पण रीतसर परीक्षा देऊन पंच झाले. सामना सुरू असताना चहा नाही, फोन नाही, ओळखदेख नाही. सख्ख्या पुतण्यालाही "खेळाडू" म्हणायचे.

आमची स्पर्धा निमंत्रितांची. बाहेरगावचे व्यावसायिक खेळाडू येतात आणि समिती त्यांच्या मागेपुढे करत असते. स्नूकरमध्ये एक रीत आहे. चूक पंचाच्या नजरेतून सुटली तरी ज्याची त्यानं सांगायची. तीन वर्षांपूर्वी अंतिम सामन्यात सगळ्यात मोठ्या पाहुण्याची बाही गुलाबी बॉलला लागली. तो काही बोलला नाही. दादा बोलले, "फाऊल." पाहुणा म्हणाला, लागलीच नाही. आमचे सचिव प्रधान खुर्चीवरून धावत आले आणि दादांच्या कानाशी पुटपुटले, "दादा, पाहुणा आहे. सोडा ना."

दादांनी कान बाजूला घेतला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "पाहुना घरान. टेबलाव पाहुना नसतं."

पाहुण्याच्या हातून डाव गेला, सामना गेला, आणि तो बक्षीस समारंभाला न थांबता निघून गेला. पुढच्या वर्षी दादांना बोलावणं नाही. कोणी समोर येऊन सांगितलंही नाही. परस्पर दुसरा पंच उभा केला. मी प्रधानांना विचारलं तर म्हणाले, "वहिनी, त्यांचं वय झालं, नजर कमी झाली." नजर! फाऊल बरोबर दिसला म्हणून नजर कमी!

मला दादांचाही राग आला होता. म्हटलं, भांडा, समितीपुढे जा. ते नुसते म्हणाले, "त्यांची स्पर्धा, त्यांची मर्जी." त्यानंतरही यायचे, पण टेबलाकडे पाठ करून बसायचे. हातमोजे परत खिडकीला लागले नाहीत. गेल्या दिवाळीत गेले. अंत्ययात्रेला समितीचा एकही माणूस आला नाही.

आणि आज मी इस्त्री फिरवत असताना प्रधान भलंमोठं बॅनर घेऊन हजर. वर दादांचा फोटो, 'कै. दिगंबर म्हात्रे स्मृती', खाली 'निमंत्रित स्नूकर स्पर्धा'. उद्घाटनाला तोच पाहुणा. मला म्हणतात, "तुम्ही दोन शब्द बोला. फक्त तो जुना विषय नको."

"त्यांच्या बायकोला विचारलंत?"

"मान देतोय हो वहिनी आपण! त्यात विचारायचं काय?"

इस्त्री बंद करून मी तिथूनच हिराबाईंना फोन लावला. त्यांना यातलं काहीच माहीत नव्हतं. पाहुणा कोण आहे तेही सांगितलं. मी विचारलं, "नाव काढून टाकू का?"

"टाक. जिता व्हता तवा टाकलाच व्हता ना त्यांनी."

प्रधान म्हणाले, "आता छापून झालंय, विषय संपला." बॅनर टांगलं आणि गेले. मी दुसऱ्या टेबलाची इस्त्री पुरी केली. खेळायला येणाऱ्यांनी माझं काही बिघडवलं नव्हतं.

रविवार, २६ जानेवारी. सकाळी डोंबिवलीच्या घरून निघताना स्वयंपाकघरातली मोठी कात्री पिशवीत घातली. हॉलमध्ये स्टूल घेतलं आणि बॅनरचा वरचा भाग, फोटो आणि नाव, सरळ रेषेत कापून काढला. खालची 'निमंत्रित स्नूकर स्पर्धा' तशीच लोंबत राहू दिली. तेवढ्यात प्रधान पाहुण्याला घेऊन दारात आले.

"वहिनी! अहो काय करताय? पाहुणे आलेत!"

"पाहुणे घरात, प्रधान," मी म्हटलं. पाहुण्यानं मान खाली घातली. त्याला आठवलं होतं. मी कापलेल्या भागाची गुंडाळी काखेत घेतली, स्टूल जागेवर ठेवलं आणि टेबलांवरचे दिवे लावले.