नाकमावशीचं नाक

फिल्मसंग्रहाच्या तळघरात तिला सगळे नाकमावशी म्हणत. जुनी फिल्म सडायला लागली की आंबट वास सोडते. मावशी डब्याचं झाकण उचलायची, एकदा हुंगायची आणि निकाल द्यायची, "धड आहे," नाहीतर, "आंबलाय." आंबलेला डबा त्याच दिवशी थंड खोलीत जायचा. तीस वर्षांत नाक चुकलं नव्हतं. "मावशी, नाकाचा विमा उतरवा," साहेब म्हणायचे. "आधी पगार वाढवा, मग बघू," मावशी म्हणायची.

गेल्या हिवाळ्यात तापाने अंथरुणाला खिळली, उठली ती नाक गमावूनच. साबण काय नि माती काय, सारखंच. पण तिने ब्र काढला नाही. डबे हुंगायचं नाटक करायची नि प्रत्येकावर 'धड' लिहायची.

आज एक माहितीपटवाली बाई नदीवरच्या जुन्या होडीघाटाची फिल्म मागायला आली. पूल झाला, होड्या बंद पडल्या, त्या शेवटच्या दिवसाची. मावशीचा बाप तिथला नावाडी. घरात त्याचा एकही फोटो नव्हता. होता तो ह्याच डब्यात. दोर बांधता बांधता वर बघायचा. साफसफाईच्या निमित्ताने वर्षाकाठी एकदा मावशी त्याला भेटून यायची.

डबा उघडला जोडणीवालीने, वीस वर्षं शेजारच्या टेबलावर तुटक्या फिल्मा सांधणारीने. ती एकदम मागे सरली.

"अगं बाई! डोळ्यांतून पाणी काढलं की ह्याने! आणि चार महिन्यांपूर्वी तू ह्याच्यावर 'धड' लिहिलंस?"

"नाक गेलंय माझं."

"कापलं कुणी?" ती हसायला गेली नि मावशीचं तोंड बघून थांबली. "मग इतके दिवस नुसतंच नाक वर करून फिरत होतीस होय गं?"

"काय सांगू? नाकाशिवाय इथं मला विचारतंय कोण?"

जोडणीवाली खुर्ची ओढून तिच्याजवळ बसली.

फिल्म आकसली होती. यंत्रावर चढवली असती तर कडेची भोकं टराटरा फाटली असती. मावशीने ती हाताने सोडवायला घेतली, एकेक वेढा, भिंगाखाली. वरचे वेढे एकमेकांना चिकटून गेलेले. घाटाच्या पायऱ्या गेल्या, माणसं गेली. मग दोर आला. दोरावरचे हात आले. वर उचललेलं तोंड... अकराच चौकटी धड होत्या, पुढे नुसते फोड. पडद्यावर अर्धा सेकंदसुद्धा नाही.

"पुरेल का हो एवढं?" मावशीने विचारलं.

"मला पुरेल," बाई म्हणाली. "तुम्हाला?"

मावशीने भिंग पुसलं आणि पुन्हा पहिल्या चौकटीवर नेलं.

दुसऱ्या दिवशी तिने साहेबांना सगळं सांगितलं आणि तापानंतर 'धड' लिहिलेले सगळे डबे फडताळातून खाली काढले. जोडणीवाली हुंगायला बसली, मावशी लिहायला.

"हा?"

"किंचित येतोय गं वास. जवळजवळ धडच म्हण."

"किंचित म्हणजे आंबलाच. ठेव बाजूला."