काठवटीतल्या रेषा

"काटा हालला का? न्हाई ना? मग काम शून्य!" असं म्हणून आमचे पदार्थविज्ञानाचे मास्तर टाळी वाजवत. निजामाची शेवटची वर्षं होती. नांदेडच्या एका शाळेत मी गणित शिकवायचो आणि शेजारच्या वर्गात ते विजेचा धडा घ्यायचे.

शाळेत उपकरणं नावालाच. मास्तर घरून भाकरीची काठवट आणायचे, तिच्यात मिठाचं पाणी ओतून दोन टोकांना तांब्याचे पत्रे ठेवायचे आणि बॅटरी जोडायचे. वीज वाहिली की काटा हलतो अशा काटायंत्राची एक तार पाण्यात एका जागी धरायची, दुसरी फिरवायची. जिथं काटा हलत नाही, तिथं विजेची पातळी सारखी. अशा जागा जोडल्या की झाली समविभव रेषा. तिच्यावरून विद्युतभार कितीही फिरवा, काम शून्य.

"बायको म्हणती, आता पिठात मीठ टाकायची गरज न्हाई," ते हसून सांगायचे.

हेडमास्तरांच्या खोलीभोवती घुटमळणाऱ्या आम्हा शिक्षकांनाही त्यांचं तेच वाक्य असे. "लई फिरून राहिले. काम शून्य!" असे घुटमळणारे तुम्हीही पाहिले असतील. मला त्यांची शिसारी येते, आणि त्यांच्यात पहिला मीच.

मग तपासणी आली. मास्तरांची नोकरी अजून कायम झाली नव्हती. सगळं तपासणीला आलेल्या साहेबांच्या शेऱ्यावर होतं. धडा ऐकून साहेबांना हुरूप आला. त्यांनी स्वतः खडू घेतला आणि फळ्यावर दोन समविभव रेषा काढल्या, एकमेकींना छेदणाऱ्या.

"बहोत खूब!" हेडमास्तर पान सावरत म्हणाले.

"न्हाई साहेब," मास्तर म्हणाले. "एकाच जागी दोन पातळ्या कशा असतील? काठवटीत बघा की."

साहेबांनी काठवटीकडे ढुंकूनही पाहिलं नाही. मी दारातच उभा होतो. हेडमास्तरांनी मला आत घेतलं. "तुम्ही गणितवाले. सांगा, कोण बरोबर?"

मला उत्तर ठाऊक होतं. मी म्हणालो, "साहेब."

मास्तर चिडले नाहीत. माझ्याकडे बघून हळूच म्हणाले, "तुमचा काटा न्हाई हालला."

दोन दिवसांत त्यांना कमी केलं. काठवट काखोटीला मारून ते धर्माबादच्या गाडीत बसले, असं शिपायानं सांगितलं. मी स्टेशनवर गेलो नाही. कोणत्या तोंडानं जाणार?

त्यांचा तास मलाच मिळाला. फळ्यावर ती फुली तशीच होती. साहेबांच्या हातची म्हणून कुणी पुसली नव्हती. फडकं माझ्या हातात होतं.

"उतरवून घ्यायचं का, सर?" मुलांनी विचारलं.

मी हो म्हणालो.