रुंद पडद्यावर बाल्याचा गडी

मंडळी, आज भर दुपारी रडली मी. तेही व्हिडिओ गेम खेळताना.

लहानपणी लकडगंजच्या घरी मी अन् धाकटा भाऊ बाल्या हाच गेम खेळायचो. तेव्हाच्या चौकोनी टीव्हीत त्याचा गडी मागं राहिला का दिसेनासाच होये. मंग बाल्या ओरडे, "थांब ना वं ताई, मी येऊन राहिलो!"

बाल्या यंदा वारला. आज त्याच्या पोरीनं तो गेम लॅपटॉपवर लावून दिला. कोण्या हौशी लोकांनी बनवलेल्या पॅचनं, म्हणजे गेम बदलणाऱ्या छोट्या प्रोग्रॅमनं, चित्र चांगलं रुंद झालं.

सवयीनं मी दोन खेळाडू निवडले अन् पुढं निघाली. बाल्याचा गडी मागं तसाच उभा. पण आता पुरा दिसून राहिला होता.

मी थांबली. अजून पुढं गेली नाही.

तुम्ही माझ्या जागी असते तर गेले असते काय?