मुक्या सर्वेशचे गाऱ्हाणे

कुणकेश्वरच्या पुळणीवर सहा वर्षांचा सर्वेश मासळीच्या टोपलीत तोंडघशी पडायचा आणि बाप त्याचे व्हिडिओ काढायचा. मोबाइलचा माईक खाऱ्या पाण्याने गेलेला, म्हणून सगळे विनोद मुके. ते बघून मुंबईच्या चाकरमान्यांनी पोराला डोक्यावर घेतले. त्याला मिशी फुटल्यावर ते विसरले, गाव मात्र विसरले नाही.

बाप गेल्यावर देवळात गावाच्या वतीने देवाला गाऱ्हाणे घालायचा मान सर्वेशकडे आला. "बा देवा म्हाराजा," असे म्हणत त्याने तोंड उघडताच मंडळी खो खो हसली. त्याचे डोके फिरले. "ह्या गावाक माझो आवाज आयकूची बुद्धी दी रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," प्रत्येक मागण्याला म्हणायच्या सवयीने सगळे म्हणाले आणि मोबाइल वर धरून तो कधी पडतो याची वाट बघू लागले.