आईला विचारून लिहिलेली मालिका

रोजची मालिका लिहिणाऱ्याला किस्से शोधायला कुठं जावं लागत नाही. माझं गाव श्रीगोंद्याजवळ, काम मुंबईत, आणि आई रोजचा भाग बघून लगेच फोन करते. एवढ्यावर पोतं भरतं!

सुरुवातीला चुलत्यांनी विचारलं, "काय लिव्हतो म्हनं तू?"

"मालिकेतली माणसं बोलतात ना, ते मी लिहितो."

"ते तर त्यांचं तेच बोलत्यात की! तुझं काय काम?" मग हळूच आईला म्हणाले, "वहिनी, पोराला साखर कारखान्यात चिकटवू का?"

*

भिंगारचे मामा फौजेतले निवृत्त सुभेदार. आमचा हिरो सीमेवर. तो दिवाळीला आला, वाढदिवसाला आला, बायको रुसली तेव्हाही आला. मामांचा फोन आला, "कोन देतो रे ह्याला एवढी रजा? नाव सांग त्या साहेबाचं!"

घाबरून मी हिरोची रजाच रद्द केली. हिरो सीमेवर, हिरोईन स्वयंपाकघरात, लव्ह ट्रॅक बोंबलला! चॅनलच्या मॅडम भडकल्या. "रिसर्च केला," म्हणून मी वेळ मारून नेली.

*

संक्रांतीच्या हळदीकुंकवाला मालिकेतली खाष्ट सासू गावात पाहुणी म्हणून आली. ते काम करणाऱ्या बाई स्वभावानं अगदी गरीब. आईनं सगळ्यांना वाण दिलं, हिच्यापुढं मात्र हात आखडला.

"आधी सुनंला नीट नांदव, मग वाण!"

बाईंनी सगळ्यांसमोर कबूल केलं, "चुकलं माझं." तेव्हा कुठं वाण मिळालं.

*

पण सगळ्यात भारी प्रकरण आबांचं. मालिकेतल्या घरातले हे म्हातारे म्हणजे आईचा जीव. आबांचं काम करणाऱ्या काकांना सिनेमा मिळाला आणि त्यांना लगेच सुटका हवी होती. मॅडम म्हणाल्या, "आबांना मारून टाक."

आईला कुणकुण लागली. "आबांना काय झालं तर घराची पायरी चढू नको!"

आई बोलली की करतेच. माझी तंतरली. मी मॅडमना काशीयात्रा सुचवली, कोमा सुचवला. "कोमा मागच्याच महिन्यात झाला," मॅडम म्हणाल्या. शेवटी मारलं.

भाग लागला त्याच्या दुसऱ्या दिवशी भीत भीत गावी पोचलो. ओसरीवर बायका डोक्यावर पदर घेऊन बसलेल्या. घरात चूल पेटलेली नव्हती. मयताच्या घरी नेतात तसं शेजारच्या शकीलाचाची पिठलं-भाकरी घेऊन आल्या होत्या! मी पायरीपाशीच थांबलो.

आई म्हणाली, "ये आत. मयताच्या घरी आलेल्याला माघारी लावत न्हाईत."

मला हसू येत होतं आणि भरूनही आलं. चाचींनी पान वाढलं. पहिला घास घेतो तोच आईनं विचारलं, "त्यांचा धाकटा दुबईला हाय. त्याला कळवलं का?"

त्या धाकट्याला आम्ही सगळे साफ विसरलो होतो!

"तो येईस्तवर उचलू नका म्हनाव."

हात धुऊन मी मॅडमना फोन लावला. काका पुढचा आठवडाभर सेटवरच्या अंगणात डोळे मिटून पडून होते!